बंबातला शालू

हे पोटातलं अजून ओठावर आलेलं नाही. पोराला सांगितलं नाही, सख्ख्या बहिणीला सांगितलं नाही. देवाला माहीत असेल, पण त्याच्याशी मी फारसं बोलत नाही. आणि आधीच सांगून ठेवते — मी रडणार नाही. रडायचे मला पैसे मिळतात. फुकट कशाला रडू?

तुम्ही मला ओळखता. शालन हे नाव माहीत नसेल, पण तोंड ओळखता. संध्याकाळी तुम्ही जेवायला बसता तेव्हा टीव्हीवर जी म्हातारी सुनेच्या ताटातली भाजी काढून घेते, ती मी. मंडईत बायका माझ्याकडं बघून कडाकडा बोटं मोडतात. एकीनं तर मेथीची जुडी फेकून मारली. मी ती घरी नेली आणि भाजी केली.

त्याआधी कित्येक वर्षं मी कोण होते? शेजारीण. सुईण. दवाखान्यात 'डॉक्टर, आमच्या धन्याला वाचवा' म्हणणारी बाई. साताऱ्याजवळ चित्रीकरण असायचं. सांगलीहून पहाटेची एसटी धरायची, दिवसभर तोंडाला रंग फासून उन्हात बसायचं, एक वाक्य बोलायचं आणि परत यायचं. तेही वाक्य कधी कापलं जायचं. कुणी विचारत नव्हतं, जेवलीस का म्हणून.

मग माझी ती गोष्टही तुम्ही ऐकली असेल — मुलाखतीत सांगितलेली? नवरा फौजेत, लांब सीमेवर. पोर पाळण्यात. सांगलीच्या नाटक मंडळात मला पहिलं काम मिळालेलं, राणीचं. त्यासाठी माझ्या लग्नातला हिरवा शालू मी पिशवीत भरला आणि सासूनं तो हिसकावून आंघोळीच्या पाण्याच्या बंबात घातला. भडभडा जळाला. मी साध्या लुगड्यात राणी झाले. ऐकून निवेदिका रडली, तुमच्यातल्याही पुष्कळजणी रडल्या.

असलं काहीही घडलेलं नाही.

शालू माझा नव्हताच. माझ्या बापाची शालू घ्यायची ऐपत कुठली? तो आत्याबाईंचा, त्यांच्या लग्नातला. आमच्याकडं सासूला आत्याबाई म्हणतात. सासरी, कुंडलला, आमचं उसाचं रान, भावकी ही एवढी मोठी, आणि सून नाटकात काम करते हे भावकीला कळलं असतं तर पायताण घेऊन दारात आली असती. आत्याबाईंनी ट्रंक उघडली, शालू माझ्या मांडीवर टाकला आणि म्हणाल्या, "राणी हाईस न्हवं? मग राणीवानी दिस."

मी तालमीला जायचे तेव्हा पोर त्यांनी सांभाळलं. भावकीला सांगायच्या, सून माहेरी गेलीया, तिचा बाप अंथरुणाला खिळलाय. माझा बाप ठणठणीत, रोज विहिरीत पोहायचा. एकदा तो लेकीला भेटायला म्हणून कुंडलला उतरला, आणि दारात नेमके आमचे चुलत सासरे! आत्याबाई म्हणाल्या, "आजच उठला बगा, देवाची किरपा." बापाला काही कळेना, तो बिचारा उगाच खोकला. का केलं त्यांनी हे सगळं माझ्यासाठी? मी कधी विचारलं नाही. चांगलं वागणाऱ्याला कारण कोण विचारतं?

मग मी खोटं का बोलले? सांगते. मान खाली घालून मात्र सांगणार नाही. मालिका तेव्हा नुकतीच लागलेली, काम अजून कच्चं. मुलाखतीआधी चॅनेलच्या एका पोरीचा फोन आला, माहिती काढायला. मी खरं तेच सांगितलं — सासूनं फार साथ दिली. ती म्हणाली, "अय्या, किती गोड." मग हळूच म्हणाली, "पण मॅडम, काही स्ट्रगल? घरून विरोध वगैरे?" मला कळलं, त्या खुर्चीत आता दुसरीच कुणी बसणार. हातातोंडाशी आलेला घास! मी म्हटलं, विरोध? थांब, सांगते. खरं माहीत असलेली माणसं उरली होती दोनच, मी आणि आत्याबाई. बाप गेलेला, आणि मालकही फौजेतून परत आले ते थोड्याच वर्षांत गेले.

नावं ठेवताय? ठेवा. पण चांगली सासू तुम्ही टीव्हीवर किती दिवस बघता हो? दुसऱ्या दिवशी रिमोट फिरवता. वाईट सासू तुम्हाला लोणच्यासारखी रोज ताटात लागते. मी तुम्हाला हवं ते वाढलं. तो बंब मला तिथल्या तिथं सुचला, आणि लाज वाटायच्या आधी मनात काय आलं सांगू? झकास जमलंय, असं आलं. पुढच्या मुलाखतीत मी त्यात पाळण्यातलं रडणारं पोरही घातलं.

ती मुलाखत कुंडलला सगळ्या आळीनं बघितली. तीही आत्याबाईंच्याच सोप्यात बसून, कारण मोठा टीव्ही मी त्यांनाच घेऊन दिलेला. मला वाटलं, फोन येईल. आला नाही. सुट्टी मिळाल्यावर मी गेले. त्यांनी भाकरी वाढली, ठेचा वाढला, आणि मग एवढंच बोलल्या, "बंबात शालू जात न्हाई गं. तोंड येवढंसं असतंय त्येचं. चुलीत म्हणायचं हुतंस." मी हसले. त्याही हसल्या. हसल्या म्हणजे मिटलं, असं मी धरून चालले. सोयीचं होतं ना ते!

मिटलं कुठलं? गावात कुठंही सासू-सुनेची जुंपली की आत्याबाईंना बोलावणं यायचं. दोघींना समोर बसवून, चहा पाजून, दोघींना सारख्याच शिव्या घालून त्या भांडण मोडायच्या. रुसून निघालेल्या किती सुना त्यांनी स्टँडवरून माघारी आणल्या! ते बोलावणं बंद झालं. शालू जाळणारी बाई कुणाचं काय मिटवणार? दुपारी त्यांच्या ओट्यावर वाकळा शिवायला बसणाऱ्या बाया दुसऱ्या ओट्यावर बसायला लागल्या. नव्या नवरीला कोपरानं ढोसून दाखवायच्या — ही बघ, ती हीच. माझ्या मुलानं पुण्याहून त्यांना फोन केला, "आज्जी, खरंच जाळलास तू शालू?" त्यांच्याच मांडीवर वाढलेलं पोर. त्या म्हणाल्या, "तुजी आय खोटं बोलंल व्हय?" हे त्यानंच मला सांगितलं. रागानं सांगितलं, आणि राग आज्जीवर होता.

थांबा, मला सांगायचंय ते अजून आलेलंच नाही. हे सगळं मी पचवलं होतं. पुढचं पचत नाही.

गावच्या यात्रेत माझा सत्कार ठेवला. शाल, नारळ, फेटा, सगळं रीतसर. माईकवाला हौशी. म्हणाला, ज्यांनी शालू जाळला त्या सासूबाईपण इथंच हायत, या आज्जी, वर या! माणसं हसली. मागनं शिट्ट्या आल्या. आत्याबाई गुडघ्यावर हात देत पायऱ्या चढल्या. माईक तेव्हा माझ्या हातात होता. ऐकताय ना? माझ्या हातात. एका वाक्याचं तर काम होतं. जन्मभर एकेका वाक्यासाठी मी एसटीचे धक्के खाल्ले, आणि 'हे खोटं आहे' एवढं माझ्या तोंडून निघालं नाही. मी माईक त्यांच्याकडं दिला.

त्यांनी माझ्याकडं बघितलं. मग गावाकडं बघितलं. "व्हय," म्हणाल्या, "जाळला मी. खुळी हुती मी तवा. पर माजी सून थांबली न्हाई."

टाळ्या! अशा टाळ्या पडल्या म्हणता! मला पडल्या होत्या त्याच्या दुप्पट. त्या बाईनं जन्मात पहिल्यांदा माईक धरला होता, आणि एक शब्द इकडचा तिकडं झाला नाही. माझी लाज राखली त्यांनी, भर गावासमोर, स्वतःची घालवून.

आणि मी काय केलं? मी पुढं झाले, माईक परत घेतला, त्यांना जवळ ओढलं आणि म्हणाले, "आत्याबाई, मी तुम्हाला कधीच माफ केलंय."

मी. त्यांना. माफ.

सगळी यात्रा रडली. माझ्या मिठीत त्यांचं अंग लाकडासारखं ताठ झालं, ते मला एकटीला कळलं. मुलाखतीतलं खोटं पोटासाठी होतं. माणूस पोटासाठी बोलतं, आणि त्याबद्दल मी कुणापुढं नाक घासणार नाही. हे पोटासाठी नव्हतं. पोट तेव्हा भरलेलं होतं. त्यांना माझ्यापेक्षा जास्त टाळ्या पडल्या आणि मला ते सोसवलं नाही — एवढंच कारण. दुसरं कारण मी शोधून बघितलं. नाही सापडलं.

त्यानंतरही कुंडलला गेले की भाकरी मिळायची, ठेचा मिळायचा. 'चुलीत म्हणायचं हुतंस' अशा माझ्या कामातल्या चुका मात्र त्यांनी परत कधी काढल्या नाहीत.

गेल्या थंडीत त्या गेल्या. मी सगळं केलं, उशाशी बसून पाणी पाजलं, काही कमी पडू दिलं नाही. तेराव्याला भावकीतल्या एक मामी, माझ्या चुलत सासू, माझा हात धरून म्हणाल्या, "लय मोठं मन तुजं, शालन. असली सासू, पर केलंस तिचं." आता तरी? आता तर कुणी माझं काय वाकडं करणार होतं? काम पक्कं, घर सांगलीत विश्रामबागेत, नाव झालेलं. मी डोक्यावरचा पदर सावरला आणि म्हणाले, "जाऊ द्या मामी. गेलेल्या माणसाचं वाईट बोलू नये."

शालू माझ्या कपाटात आहे, धड आहे. मालिकेतल्या लग्नात मी तोच नेसले होते. तुम्ही बघितलाय.