अप्पांसाठी आवाज बनवताना

गळ्याच्या ऑपरेशननंतर अप्पांचा आवाज गेला तो कायमचाच. जन्मभर म्हैसूर-नंजनगूड बसवर कंडक्टरकी केलेला माणूस. घरी आल्यापासून ते लहान मुलांच्या पुसायच्या पाटीवर लिहून बोलायचे.

मी एका कंपनीत ॲपचं डिझाइन करते. आधी माणसांकडे नीट बघायचं, मग कच्चा नमुना करून त्यांच्या हातात द्यायचा, कुठे फसतो ते पाहून पुन्हा करायचा, हे माझं रोजचं काम. मग घरातल्या प्रश्नाला तेच का नको? नुसत्या विचारानंच मला हुरूप आला. शनिवार-रविवार बसून मी टॅबवर मोठाली बटणं केली: पाणी, कॉफी, औषध, दुखतंय. दाबलं की टॅब बोलणार.

अप्पांनी 'पाणी' दाबलं. आतून एक बाई सावकाश म्हणाली, "मला पाणी हवे आहे."

आमच्या घरात असं कोण बोलतं? पिढ्यान्‌पिढ्या म्हैसुरात राहून आमची मराठी निम्मी कन्नड झालेली. अप्पांनी पाटीवर लिहिलं, 'ही पुण्याची पाहुणी कोण?'

आई हसून हसून बेजार झाली. म्हणाली, "आणि पाणी तर ते स्वतः उठून घेतात की गं. सुम्ने केलंस हे सगळं."

खरंच उगीच केलं होतं. बघण्याची पायरी मी गाळलीच होती.

त्या संध्याकाळी अप्पांचे बसवरचे जुने सोबती आले, तेव्हा मी कोपऱ्यात बसून नुसती बघत राहिले. दसऱ्याच्या मिरवणुकीत बस कुठून वळवाव्यात यावर वाद रंगला होता. अप्पा मान खाली घालून भराभर लिहीत होते. त्यांनी पाटी वर केली तोवर गप्पा कुणाच्या तरी गुडघेदुखीवर पोचल्या होत्या. अप्पांनी गुपचूप पाटी पुसली.

मी ताडकन उठले. शब्द कमी पडतच नव्हते! अप्पांना मध्ये तोंड घालायला जागा मिळत नव्हती. म्हणजे आधी बाकीच्यांना थांबवायला हवं होतं.

"अप्पा, सगळ्यांना गप्प करायचं तर काय म्हणाल?"

त्यांनी क्षणभरही विचार न करता लिहिलं, 'होल्डान!' आमच्याकडे गाडी थांबवायला कंडक्टर हेच ओरडतो.

आवाजासाठी नंजनगूडहून आत्याला बोलावलं. दोघा भावंडांचा ठसका एकच. पंखा बंद करून, दार लावून बसलो. "अय्यो, लाज वाटते गं," म्हणत तिनं सुरुवात केली आणि मग थांबेचना. "साकु म्हणजे साकु, पुरे आता!" "हे सगळं खोटं!" "मी ड्यूटीवर असताना असं नव्हतं!"

नवा नमुनाही लगेच जमला नाही. बटण दाबल्यावर आवाज जरा उशिरा यायचा, तेवढ्यात संधी जायची. ते सुधारलं. मग कळलं, उजव्या हातात कॉफीचा लोटा असतो. सगळी बटणं डावीकडे घेतली. प्रत्येक चूक सापडली की मला नवीनच उत्साह यायचा. ऑफिसात कधी आला नव्हता इतका.

पुढच्या बैठकीला मी आणि आई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या. वाद तापला आणि टॅब गरजला, "होल्डान!"

एकाची चकली तोंडाशीच थांबली. सगळे अप्पांकडे बघायला लागले. अप्पांनी निवांत, चांगल्या अक्षरात बसचा रस्ता लिहिला. कुणी हललं नाही. पाटी वर झाली तसा एकजण म्हणाला, "हे बरोबर की नाही, अल्लवा?" दुसऱ्यानं लगेच खोडून काढलं. अप्पांनी डाव्या हातानं दाबलं, "हे सगळं खोटं!"

हास्याचा स्फोट झाला. मी आईचा दंड इतका जोरात धरला की ती ओरडली.

मंडळी गेल्यावर अप्पांनी मला हाताने बोलावलं. पाटीवर होतं, 'आत्याला परत बोलव. भांडायला एवढं पुरत नाही.'

मी तिथूनच फोन लावला.

"येते की," आत्या म्हणाली, "पण या वेळी जरा तिखट बोलू का?"