झाडाखालून येणारं उत्तर

वेंडेल क्राउसची सकाळ ठरलेली. कॉफी ठेवायची, ओटची लापशी ढवळायची आणि वरच्या मजल्यावरच्या धुण्याचं गाठोडं जिन्यावरून खाली सोडून द्यायचं. सोडण्याआधी तो अजूनही ओरडतो, "खालून बाजूला!" आणि क्षणभर थांबतो. खाली कुणी नाही हे त्याला पक्कं ठाऊक असतं. तरी थांबतो, आणि मगच गाठोडं सोडतो.

त्या दिवशी गाठोडं धप्पकन पडलं आणि पाठोपाठ दार वाजलं.

दारात झाडं कापणाऱ्या कंपनीची मुकादम यारेली उभी होती. हेल्मेट काखेत, बुटांवर लाकडाचा भुसा.

"डॉन वेंडेल, आजचं गिऱ्हाईक रद्द झालं. तुमचं झाड उद्याऐवजी आजच उतरवायला घेते." आदराने ती त्याला स्पॅनिश रीतीने 'डॉन' म्हणे.

"आजच?"

"दोनदा तुम्ही पुढे ढकललंत. आता आणखी ढकललंत तर झाडच येऊन दार वाजवेल. वाळल्या ॲशच्या झाडाचा काय भरवसा? तुम्हाला मी सांगायचं म्हणजे कमालच."

सांगायची गरज नव्हतीच. ओहायोतल्या त्या गावात वेंडेलचं उभं आयुष्य दोराला लटकून झाडं कापण्यात गेलं होतं. वर तो, खाली त्याची बायको डोरीन. डोरीनने स्वतः कधी फांदीवर पाय ठेवला नाही. ती दोर धरायची, कुणाचं कुत्रं, कुणाचं पोर, पोस्टमन मध्ये येत नाही ना ते बघायची. वरून वेंडेल हाक द्यायचा, "खालून बाजूला!" ती चौफेर नजर फिरवून म्हणायची, "मोकळं आहे!" हे उत्तर आल्याशिवाय करवत चालवायची नाही, हा धंद्याचा नियम.

नवराबायको म्हटल्यावर भांडणं व्हायचीच. डोरीनचा अबोला तर मोठा चिवट. जेवणाच्या टेबलावर मीठसुद्धा ती त्याला खुणेने मागे. पण झाडाखाली मात्र उत्तर चुकवायची सोय नव्हती. सकाळची पहिली हाक गेली की खालून फणकाऱ्याने यायचं, "मोकळं आहे!" दुपारपर्यंत त्यातला फणकारा उतरलेला असे. वेंडेल म्हणायचा, आमचं लग्न झाडांनी टिकवलं.

हिरव्या भुंगेऱ्याने गावातले ॲश एकेक करून खाल्ले, तेव्हा दारचा तेवढा या दोघांनी वाचवला. एक वसंत सोडून बुंध्यात औषध भरायचे. डोरीनच्या आजारपणात औषध भरायचा एक वसंत इस्पितळातच गेला. पुढे ती गेली, आणि झाड शेंड्याकडून वाळत आलं. हे झाड उतरवायचं तर ते दोघांनी मिळून, असं वेंडेलच्या मनात कुठेतरी होतं. म्हणून तर चालढकल सुरू होती.

"माणसं किती आणलीस?" त्याने विचारलं.

"दोन यायची होती. त्यातला एक उगवलाच नाही. या धंद्यात यायला आता कोण तयार आहे? कंपनीला मोठी कंपनी गिळते, तिला त्याहून मोठी. आणि झाड जगवायला कुणी बोलवत नाही, सगळे पाडायलाच बोलावतात."

"आमच्या वेळी..."

"तुमच्या वेळी विमा नव्हता आणि बोटंही कमी असायची."

वेंडेलने डावा हात वर केला. "एकच कमी आहे."

यारेली हसली. "पायरीच्या खाली उतरायचं नाही हं. विमावाले मला कच्ची खातील."

वाळला ॲश ठिसूळ, त्यावर कुणी चढत नाही. यारेली गाडीच्या लांब यांत्रिक हाताला लावलेल्या पाळण्यातून वर गेली. खाली तिचा जोडीदार नोए, डोक्यावर हेल्मेट, हेल्मेटात बोलायचं यंत्र. त्याचे ओठ तेवढे हलताना दिसत होते. करवत घरघरली आणि पहिली फांदी धाडकन अंगणात आली.

वेंडेल कॉफीचा कप घेऊन पायरीवर उभा होता. ना हाक, ना उत्तर. त्या दोघांचं यंत्रातूनच आपसात ठरत होतं, काम चोख होतं, त्याला नावं ठेवायला जागा नव्हती. पण या झाडाची शेवटची फांदीही अशीच मुक्याने पडणार, हे त्याला सोसवेना. त्याने पायरीवरून दोन्ही हात हलवले.

यारेलीने करवत बंद केली, पाळणा खाली घेतला. "काय झालं? आवाजाचा त्रास होतोय?"

"नाही गं. काम छान चाललंय."

"मग? आता थांबवता येणार नाही हं, डॉन वेंडेल."

"थांबवू नकोस." त्याने कप कठड्यावर ठेवला. "एकच मागणं आहे. पुढची फांदी कापण्याआधी मला हाक मार. यंत्रात नको, तोंडाने, मोठ्याने. मी इथूनच उत्तर देईन."