धवल्यासाठी स्पीकर

काकी चैत्रात गेली. त्यानंतर सात-आठ महिने मला कशाचंच काही वाटत नव्हतं. कामावर जात होते, डबा खात होते, घरी येऊन भांडी लावत होते. काकीला नेलं त्या दिवशी जमलेल्यांना पाण्याच्या बाटल्या वाटणारी मीच होते. एका आत्याने तेव्हाच म्हणून ठेवलं, "पोरगी दगड हाय." मला त्याचंही वाईट वाटलं नाही.

आमचं गाव टिटवाळ्याच्या अलीकडे. गाव म्हणायचं ते आता सवयीने. भातशेतीच्या जागी सात-सात मजली बिल्डिंगा उभ्या आहेत आणि त्यातल्या दोन आमच्याच शेतावर. आम्ही आगरी. आमच्याकडे लग्न म्हटलं की धवला आलाच. देवांना आवतण देण्यापासून हळद लागेपर्यंत प्रत्येक विधीला बायका जे गातात तो धवला, आणि ते गाणारी ती धवलारीण. पण एकटीचं ते काम नाही. एकीने ओळ टाकायची आणि दुसरीने ती उचलायची, शेवटचा शब्द धरून पुन्हा म्हणायची. आमच्या गावात आई टाकायची आणि काकी उचलायची. दोघी जावा. एरवी मिठाच्या बरणीवरून तीन-तीन दिवस अबोला धरतील, पण मांडवात बसल्या की आईची ओळ संपायच्या आत काकीने तिचं टोक पकडलेलं असायचं. तीस वर्षं हे असंच चाललं होतं.

काकीच्या मुलीचं लग्न आधीच ठरलेलं होतं. घरातलं माणूस गेलं की वर्षाच्या आत लग्न उरकायचं, नाहीतर तीन वर्षं थांबायचं. काकांनी उरकायचं ठरवलं. एका संध्याकाळी मांडव, जेवण, डीजे असे विषय निघाले आणि मग धवल्याचा निघाला. आई मेथी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "मी नाय बोलनार धवला. माझा आवाज पोचत नाय. तिचा पोचाचा."

काकीची मुलगी तिथेच बसलेली. ती उठून आत गेली. नंतर मला एकटीला गाठून म्हणाली, "ताई, मोठ्या आईला तयार कर ना. मम्मी नाहीये ते ठीक आहे, म्हणजे ठीक नाहीये, पण धवलाही नाही म्हणजे मग काय राहिलं?" ती रडत होती. मी तिला पाणी आणून दिलं.

आता मी तयार करणारी कोण? पण आई आवाज पोचत नाही म्हणत होती, तर आवाज पोचवता येण्यासारखा होता. डीजेवाला दुपारनंतर येणार आणि आवतणाचा धवला सकाळी. म्हणजे आपल्याला हवा एक छोटा ब्लूटूथ स्पीकर, हातात मावणारा, दोन हजारांच्या आतला. हे काम मला पटकन पटलं. त्यात कुणाचं सांत्वन करायचं नव्हतं.

ठाण्याला ज्या लॅबच्या काउंटरवर मी बसते, तिथे दुपारी दोन ते तीन चिटपाखरू फिरकत नाही. तो तास मी स्पीकरना दिला. किती वॅट, बॅटरी किती तास चालते, पाणी उडालं तर काय होतं. लोकांनी लिहिलेले अभिप्राय मी महिनाभर मन लावून वाचले. एकाने आवाज उत्तम आहे पण बायकोला रंग आवडला नाही म्हणून एक स्टार दिलेला. एक जण रोज आंघोळ करताना गाणी ऐकायचा आणि समाधानी होता. मला त्या माणसाचा हेवा वाटला. सिनेमा बघताना ओठ आधी हलतात आणि आवाज मागून येतो, अशीही पुष्कळांची तक्रार होती. आम्हाला कुठे सिनेमा बघायचाय, म्हणून मी ती सोडून दिली. त्या दिवसांत मला कुणी काकीबद्दल विचारलं असतं तर दोन वाक्यं बोलता आली नसती, पण वॅटवर मी तासभर बोलले असते.

शेवटी एका शनिवारी कल्याणला उतरून पश्चिमेच्या एका गल्लीतल्या दुकानात गेले. दुकानदाराने आधी गाव विचारलं आणि गाव ऐकून खूश झाला.

"मग हळदीसाठीच ना ताई! बेस बघा, बेस. एकदम कडक."

त्याने एक गाणं लावलं. काचेचं काउंटर थरथरायला लागलं.

"याच्यावर बाईचा आवाज कसा येतो?" मी विचारलं.

"लेडीजचं गाणं लावू?"

"गाणं नको. साधी बाई. घरातली."

त्याने माझ्याकडे जरा बघितलं. मग म्हणाला, "फोनमध्ये माइकचं ॲप टाका. फोन त्यांच्या तोंडासमोर धरा, आवाज स्पीकरमधून येईल. टेन्शनच नाही." मी निळ्या रंगाचा, पाण्याच्या छोट्या बाटलीएवढा एक घेतला.

घरी स्वयंपाकघरात उभं राहून मी "हॅलो, हॅलो" करून बघितलं. आवाज जरा मागून येत होता, पण येत होता, आणि चांगला मोठा येत होता. आईने स्पीकर हातात घेऊन उलटा-सुलटा केला. "यो काय, थर्मास?"

"तुझा आवाज आता गेटपर्यंत जाईल."

तिने तो ओट्यावर ठेवला. नुसतं "बरां" म्हणाली. मी तो होकार धरला आणि लगेच काकीच्या मुलीला सांगून आले.

मांडव आमच्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये घातला होता, कारण अंगण असं उरलेलंच नाही. खड्डा खणता येत नाही म्हणून मांडवाची मेढ रंगाच्या मोठ्या डब्यात वाळू भरून त्यात रोवलेली. सतरंजीवर बायका बसल्या, पाटावर नवरी. स्पीकर मी पलीकडच्या टोकाला प्लास्टिकच्या खुर्चीत ठेवला आणि फोन घेऊन आईच्या पुढ्यात बसले.

आईने डोक्यावरून पदर घेतला आणि गावदेवीच्या आवतणाची पहिली ओळ टाकली. आवाज खरंच गेटपर्यंत गेला. वॉचमनने वळून बघितलं. मला बरं वाटलं. घेतलेली वस्तू चालली की वाटतं तितपत बरं.

आई ओळीच्या शेवटाला आली आणि थांबली. आणि ती थांबल्यावर समोरच्या टोकाकडून तोच शेवटचा शब्द पुन्हा आला, तिच्यापेक्षा मोठ्याने.

आईची मान झटकन त्या खुर्चीकडे वळली. तीस वर्षं तिच्या ओळीचं टोक असंच कुणीतरी पकडत आलं होतं. मग तिने तीस वर्षं जे केलं तेच केलं. गप्प बसली आणि दुसरीला ओळ पूर्ण करायला जागा दिली.

खुर्चीकडून काही येईना. पार्किंगच्या छताला लावलेल्या पंख्याची घरघर तेवढी स्पीकरमधून यायला लागली. आई वाट बघत होती. काय झालं ते मला कळलं होतं, बायकांनाही कळलं असावं. कुणीच हललं नाही. एका म्हातारीने पदर डोळ्यांना लावला. आईचा चेहरा हळूहळू उतरत गेला, पण ती दुसरी ओळ टाकेना. उचलल्याशिवाय पुढची टाकायची नसते.

तेवढ्यात पाटावरून आवाज आला. नवरीचा. आमच्याकडे नवरी स्वतःच्या धवल्यात तोंड उघडत नाही, मान खाली घालून बसते. तिने मान खालीच ठेवली आणि आईची ओळ उचलली. सूर गेलेला, पण पूर्ण उचलली. कुणी तिला गप्प केलं नाही. आईने डोळे मिटून पुढची ओळ टाकली.

मी फोनवरून स्पीकर बंद केला. आवतण शेवटपर्यंत झालं. मागच्या बायकांना निम्मं ऐकूही आलं नसेल.

दुपारी डीजेवाल्याची माणसं खोके उतरवत होती. मी आणि आई मोरीत हळदीची भांडी घासत होतो. आई म्हणाली, "तुला येतं ना ते आवतन?"

"हो."

"सगलां?"

"सगळं." लहानपणी मांडवात मी त्या दोघींच्या मध्येच झोपायचे. मला एकूण एक धवला येतो, टाकायचाही आणि उचलायचाही.

"मंग त्या पोरीला कनाला बोलाला लावलंस?"

तिच्या आवाजात राग नव्हता. कशाला, हे तिला खरंच कळलं नव्हतं. मी पातेलं घासत राहिले. महिनाभर मी स्पीकर शोधला आणि आपण तोंड उघडावं हे एकदाही माझ्या मनात आलं नाही, हे मी तिला कसं सांगणार होते? मला लाज वाटली. काकी गेल्यापासून मला धडपणे वाटलेली ती पहिली गोष्ट. आई त्या खुर्चीकडे बघत थांबली होती, तेव्हा मांडवात तिच्या सगळ्यात जवळ मीच बसलेले, हातभर अंतरावर, तिच्या तोंडासमोर फोन धरून.