सुकलेल्या चवींचा मुद्देमाल

ते प्रकरण मनातून अजून जात नाही. नोकरीत मोठे गुन्हे पुष्कळ पाहिले. त्यातले बरेचसे विसरलो. हे छोटं होतं, तपासही चार दिवसांत संपला, तरी राहिलं.

तेव्हा मी सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीच्या बाजूच्या पोलीस ठाण्याचा प्रमुख होतो. चवीच्या पट्ट्या घरोघरी पोचल्या होत्या. पट्टी जिभेवर ठेवली की कोरड्या भाकरीलाही पट्टीतली चव यायची. टॉवेल कारखान्यांतले कामगार दुपारी तेच करायचे. पट्टी तयार करायला कुणाला तरी आपली जीभ यंत्राला लावावी लागे. यंत्र चवीची नक्कल घेई, ती एका जेवणापुरती टिके. मूळ चवच उतरवली तर पट्टी महिनोन्‌महिने चाले, पण देणाऱ्याची जीभ कोरी होई. म्हणून मूळ उतारा हा गुन्हा होता.

खबर आणली एका खानावळवाल्याने. जवळच्या कुंभारी गावातल्या बायकांकडून तो शेंगाचटणी घ्यायचा. तीन घरांची चटणी एकाच आठवड्यात खारट झाली, आणि तिन्ही घरच्या बायका एकाच पट्टी-केंद्रावर नक्कल द्यायला गेल्या होत्या, एवढंच तो म्हणाला. ठाणे अंमलदाराने हसून सोडून दिलं. मी कानडी येणाऱ्या आमच्या महिला हवालदाराला कुंभारीला पाठवलं.

चव गेलेल्या सात बायका निघाल्या. तक्रार एकीनेही केली नव्हती. जिला मीठ कळत नाही ती बाई चुलीपाशी कशाला, असं घरचे म्हणतील, ही भीती. साठी उलटलेल्या एका आज्जींनी तेवढा जबाब दिला. चटणीवरच त्यांचं घर चालत होतं.

केंद्रचालक चाळिशीचा, सभ्य माणूस. परवाना भिंतीवर, नोंदवही स्वच्छ. ठाण्यात आणून दोन तास मी विचारत होतो आणि तो शांतपणे नाही म्हणत होता. माझा अनुभव असा, की खोटं बोलणारा चिडला तर काम सोपं होतं. हा चिडेना.

मधे चहा आला. शिपायाने डबा चुकवून चहात मीठ टाकलं होतं. हवालदारबाईंनी पहिलाच घोट खिडकीबाहेर थुंकला. समोरच्या माणसाने पेला शेवटपर्यंत संपवला.

"चहा कसा होता?" मी विचारलं.

"चांगला होता, साहेब. साखर जरा जास्त."

मग मी माझा पेला त्याच्यापुढे सरकवला आणि मीठ असल्याचं सांगितलं. त्याने तो उचलून बाजूला ठेवला.

"स्वतःची चवही उतरवलीत?" मी विचारलं.

"पहिली माझीच," तो म्हणाला.

नंतर त्याने सगळं सांगितलं. आजारपणात बायकोची चव गेली आणि तिने अन्न सोडलं. नक्कल तिच्या जिभेला लागेना. त्याने आपली मूळ चव उतरवून तिला दिली, ती जेवू लागली. ती पट्टी संपल्यावर त्याने या सात जणींना फसवलं. आज हिची, उद्या तिची, अशा पट्ट्या तो बायकोला देत होता, म्हणून सातही शिल्लक होत्या. बायकोला यातलं काही माहीत नव्हतं. शेवटी त्याने एक गोष्ट सांगितली. पट्टी ओली आहे तोवर ती चव जिची तिला परत देता येते.

दुसऱ्या दिवशी सकाळी पंचांना घेऊन त्याच्या घरी गेलो. पट्ट्या स्वयंपाकघरात ओल्या फडक्यात होत्या. बातमी फुटली होती, सातही बायका दारात उभ्या होत्या. केंद्र घरातच होतं, यंत्र पुढच्या खोलीत सुरू होतं. त्याची बायको भिंतीला धरून बाहेर आली. तोवर तिला सगळं कळलं होतं.

"साहेब, आदी त्यांचं त्यांना द्या," ती म्हणाली. "कागद मागनं करा की."

मी कायदा सांगितला. पुराव्याला हात लावता येत नाही, अर्ज करा, कोर्ट परत देईल. सात पट्ट्या सात पाकिटांत घातल्या, लाखेचं सील केलं, पंचांच्या सह्या घेतल्या. पंचनामा निर्दोष होता.

परत देण्याचा अर्ज मीच लिहून दिला. तारीख पडली, मग दुसरी पडली. सील न फोडता पट्ट्या ओल्या ठेवण्याचा उपाय नव्हता, आणि सोलापूरचा उन्हाळा मुद्देमालाच्या खोलीतही शिरतो. आदेश आला त्या दिवशी पाकिटं फोडली, तर आत पापडाच्या कडेसारखे तुकडे निघाले.

आज्जींनी आपला तुकडा जिभेवर ठेवला. थोडा वेळ डोळे मिटून बसल्या. मग तो काढून पदरात बांधला.

"त्यानं चोरली ती आपल्या बायकोसाटी," त्या म्हणाल्या. "तुमी कुणासाटी ठेवली, साहेब?"

त्यांच्या आवाजात राग नव्हता. मी पावतीवर त्यांचा अंगठा घेतला.

त्या माणसाला शिक्षा झाली. त्याची बायको माढ्याला माहेरी गेली. पुढे ती जेवत होती की नाही, हे मी कधी विचारलं नाही. विचारायला हवं होतं.

या प्रकरणापर्यंत मी समजत होतो, की कागद नीट केला की पोलिसाचं काम नीट झालं. ज्याचं गेलं त्याला ते परत मिळणं हे वेगळं काम आहे, आणि ते आपोआप होत नाही. उरलेल्या नोकरीत पंचनाम्याला बसण्याआधी मी बघायचो, की यातलं काय थांबू शकतं आणि काय थांबू शकत नाही. न थांबणारं मी जागेवरच ज्याचं त्याला देत गेलो. त्यापायी दोनदा वरून मेमो आला. दोन्हींना मी एकच उत्तर लिहिलं: चूक मान्य आहे.