खालाची टॅबवरची मेंदी

खाला बोलताना मधूनमधून हसायची असं नव्हे. ती हसताना मधूनमधून बोलायची. रेवदंड्यात आमच्या शेजारचंच तिचं घर, मधे फक्त जांभ्याचा बुटका गडगा. मी घुमा माणूस. तेव्हा आई जाऊन दोन महिने झाले होते. शेवटी शेवटी मी तिच्याजवळ पुरेसा बसलो नाही, हे उठता-बसता टोचायचं. अशा दुखवट्याच्या घरातून मी रोज संध्याकाळी खालाच्या पडवीत जायचो आणि पोट दुखेपर्यंत हसून यायचो. हे मी कुणाला सांगत नसे.

मोहल्ल्यातल्या कित्येक नवऱ्या मुलींना खालाने मेंदी लावली होती. मग तिचा हात थरथरू लागला, मेंदीचा कोन धरवेना. नेमकं तेव्हाच नातीचं, सनाचं लग्न ठरलं, तेही दोहाला. खालाकडे पासपोर्ट होता, गुडघे नव्हते. "दुनियेचे हात रंगवले, आन् माज्या सनाला परकी बाई मेंदी लावनार," ती म्हणाली. एवढं एक वाक्य ती न हसता बोलली.

मुलगी पुण्याला जाताना तिचा जुना टॅब आणि पेन माझ्याकडे टाकून गेली होती. ब्राउझरमध्ये उघडणाऱ्या एका फुकट साधनावर मी चित्रं काढायला शिकत होतो. त्यात थरथरती रेघ सावरून धरायची सोय होती. नक्षी खालाने इथं काढायची आणि दोहातल्या बाईने ती सनाच्या हातांवर उतरवायची, असं ठरवून मी ती सोय चालू केली आणि पेन खालाच्या हातात दिलं. तिने कापत कापत कैरी काढली. पडद्यावर मात्र गुळगुळीत, डौलदार कैरी उमटली. खाला बघतच राहिली. "बाबू, ह्यो हात माजा न्हाय. लगीन व्हायच्या आधी होता, त्यो हाय."

मग ती आवरेना. पहिला तळवा पुरा झाल्यावर "हलवू नको, सुकू दे," म्हणून ती आत गेली, आणि मी हां हां म्हणेपर्यंत कापसाच्या बोळ्याने लिंबू-साखरेचं पाणी टॅबवर टिपून मोकळी झाली. मेंदीचा रंग त्यानेच चढतो ना! हातालाच सवय, ती काय करणार. पुढचे दोन दिवस आमच्या चित्रावर खऱ्या मुंग्या फिरत होत्या. "न्हाय तरी हितं बारीक ठिपके घालायचेच व्हते," खाला म्हणाली.

चुकलेली रेघ मागे घेता येते हे कळल्यावर ती मुद्दाम चुका करायला लागली. "आधी सांगायचंस रे. किती नवऱ्या रडल्या नसत्या."

सगळ्यात मजा आरशाची. ती सोय चालू केली की डाव्या तळव्यावर काढलेलं उजव्यावर आपोआप उलटं उमटतं. "दुसरा हात कोन काढतंय?" म्हणत ती पडद्यामागे डोकावून आली. शेवटचं काम नाव घालायचं. नवऱ्याचं नाव एकाच तळव्यात पानाफुलांत लपवतात, आणि ते त्याने लग्नानंतर शोधायचं. न सापडलं तर जन्मभर बायकोचं ऐकायचं. त्याआधी आरसा मी बंद करायचा, असं ठरलं होतं. पण त्याच वेळी खाला होणाऱ्या विहीणबाईंची नक्कल करत होती, आणि मी गडाबडा लोळत होतो. तिने हसत हसत उर्दूत 'आदिल' लिहिलं, मी हसत हसत चित्र दोहाला पाठवलं.

घोळ लक्षात आला तेव्हा दोहातल्या मेंदीवालीने दोन्ही हात इमानदारीने उतरवले होते. मी खालाला काही बोललो नाही. लग्नानंतरच्या व्हिडिओ कॉलला तिच्या शेजारीच बसलो. आदिलने डाव्या तळव्यातलं नाव शोधलं. टाळ्या झाल्या. मग तो उजव्याकडे बघतच राहिला. "नानी, इथं पण काहीतरी आहे. उलटं आहे."

खालाने मान तिरकी करून पाहिलं आणि पापणी न लववता म्हणाली, "त्ये बी तूच. ती आरशासमोर नटायला बसंल तवा सरळ दिसशील."

असा हशा उसळला की विहीणबाईंनीही पदर तोंडाला लावला.

कॉल संपल्यावर मी सगळं सांगून टाकलं. आरशाचं, आणि आईचंही. आई गेल्यापासून मी फक्त इथेच हसतो, आणि घरी जाताना लाज वाटते, हेही. खाला पेन पुसत होती. "तुजी आय या गडग्यावर बसून माज्यापेक्षा मोठ्यानं हसायची," ती म्हणाली. "तू कचेरीत असायचास, तुला काय म्हाईत."

मला खरंच माहीत नव्हतं.

चार महिन्यांनी सनाने खालाला चाकाच्या खुर्चीतून दोहाला नेलं. तिथल्या बायकांना ती आता टॅबवर मेंदी शिकवते, आणि अडलं की भर वर्गातून मला फोन लावते. मी आमच्या पडवीत येऊन ओरडून ओरडून सांगतो, मधेच ती काहीतरी बोलते आणि माझं हसणं पार नाक्यापर्यंत जातं. आई गेल्यापासून आमच्याकडे राहायला आलेली थोरली ताई आतून म्हणते, "अरे हळू, लोक काय म्हणतील." मी उठून गडग्यावर जाऊन बसतो. तिथं रेंज चांगली येते.