मँगनीजच्या खाणीतली मासोळी

रीलमध्ये तळ्याचं पाणी इतकं निळं दिसलं, की रविवारी सकाळी मी आणि नवरा मोटारसायकलवर निघालोच. कामठीपर्यंत ट्रकांच्या मागे धूर खाल्ला. कन्हानचा पूल ओलांडला की रस्ता मोकळा. मनसरला तर्री-पोहे खाऊन घ्या, पेट्रोलही भरा. पुढे सागवानातून उखडलेली वाट आहे आणि कोणी भेटत नाही.

तळं म्हणजे इंग्रजांच्या काळापासूनची, आता बंद पडलेली मँगनीजची खाण. उभे काळे कडे, मध्ये निळंशार पाणी, काठावर कामगारांच्या चाळी, निम्म्यांची कौलं गेलेली. बाया इथे डोक्यावर दगड वाहायच्या. आता सेल्फी पॉइंटची पाटी आहे आणि एक ढाबा. सावजी रश्श्यातली मासोळी, ताट दोनशे रुपये.

"तळ्यातलीच हाये जी, एकदम ताजी!" ढाबेवाला म्हणाला. होतीही झणझणीत. सासऱ्यांसाठी एक पार्सल घेतलं.

हात धुवायला काठावर गेले, तर एक म्हातारी भाताचा घास पाण्यात सोडत होती. सखूबाई, चाळीतच राहते. माशांना घालता का, असं मी हसून विचारलं.

"मासोळ्याइले नाही वं पोरी, मालकाले, माह्या नवऱ्याले. खाली खाणीचं छत बसलं, त्यात तिघं दबले. कंपनीवाले काढतो म्हणाले न् पाणी उपसाचे पंपच बंद केले. पाणी चढलं. माहा मालक अजून खालीच हाये."

"मग हे मासे?"

"मासोळीच्या ठेकेदारानं सोडले. चाळीतलं कोणी तोंडाले लावत नाही. काहून लावन?" तिने माझ्या मोबाइलकडे बोट केलं. "तू फोटो टाकून राहिली ना? मंग लिहून दे, इथली मासोळी खाऊ नका. कोणी घेतलीच नाही तं ठेका बंद होते."

मी हो म्हटलं. तोंडात अजून रश्श्याचं तिखट होतं. पंप बंद करणाऱ्यांचा संताप आला, ठेकेदाराचा आला, आणि वाहवा करत रस्सा ओरपणाऱ्या माझ्या जिभेचाही.

घरी येऊन फोटो टाकला, खाली सखूबाईचं म्हणणं शब्दन्‌शब्द लिहिलं. सकाळी पहिली कमेंट आलेली होती: "काय निळं पाणी! ढाब्याचं लोकेशन टाका ना. पार्सल मिळतं का?"

मिळतं. आम्ही आणलं होतं. अंगणात आंब्याखाली पुरलं आहे.