होदनची विहीर

दादा, विमानतळावर बॅग दोन किलो जास्त भरली, तेव्हा मी अगदी कर्त्या पुरुषासारखा निर्णय घेतला. मंजिरी मुलीला घेऊन पाणी आणायला गेली होती. तेवढ्यात तिच्या नाटकांच्या फोटोंचा अल्बम काढून मी तुझ्या हातात दिला आणि कुकर बॅगेत ठेवला. 'पुढच्या खेपेला नेतो,' म्हणालो. पुढची खेप चार वर्षांनी आली. तोवर तुम्ही घर बदललं होतं आणि अल्बम रद्दीत गेला होता. तुझा दोष नाही. मंजिरीला मी सांगितलं, सामानात कुठेतरी हरवला.

इथे हॅमिल्टनला मी 'ते रापा' नावाच्या भागातल्या दूध कारखान्यात लागलो आणि पुण्यात टाळ्या घेणारी मंजिरी एका वृद्धाश्रमाच्या किचनमध्ये. तिथेच तिला होदन भेटली. सोमालियाची, मोगादिशूची. पूर्वी सिनेमात नटी होते, म्हणाली. मी शहाण्याने विचारलं, "तुमच्याकडे सिनेमे निघायचे?" तिने आपलेच सिनेमे बघून शिकलेल्या हिंदीत सांगितलं, "आपके हीरो के बगल में मेरा पोस्टर लगता था."

सोळाव्या वर्षी ती गाण्याच्या मंडळीतून नाटकात गेली आणि नाटकातून सिनेमात. वडिलांनी बोलणं टाकलं. तिसऱ्या सिनेमात ती नायिका झाली, दुष्काळात विहिरीवर जाणारी उंटवाल्यांची सून. तो बघून मात्र वडील आपणहून घरी आले. चौथा सिनेमा अर्धा झाला आणि युद्ध पेटलं. रिळं कुठे गेली, कुणाला ठाऊक नाही. मग केनियातली छावणी आणि नंतर हे गाव. तिच्याकडे स्वतःचा एकही फोटो नाही.

एका रविवारी ती रोटोटुनाला आमच्याकडे जेवायला आली होती. विहिरीचा तो प्रसंग करून दाखव म्हणून लेक मागे लागली, "आंटी, प्लीज, डू इट." होदनने इकडेतिकडे पाहिलं आणि ओट्यावरचा धुतलेला कुकर उचलला. सिंकपाशी वाकून पोहरा ओढला. वर आला तो रिकामा. ती त्याच्याकडे बघत राहिली. पुन्हा सोडला, पुन्हा ओढला. या वेळी पाणी होतं. कुकर कडेवर घेऊन ती फ्रिजपर्यंत चालली, तेव्हा तिच्या मानेची शीर ताणलेली दिसत होती. खाली ठेवला तोही थेंब सांडू नये असा. देश सोडून येताना तिला सामानाचं वजन करावं लागलं नसणार. सगळं मोगादिशू त्या मानेत होतं.

मग ती मंजिरीला म्हणाली, "अब तुम्हारी बारी."

"भूल गयी," मंजिरी म्हणाली. "फोटो भी नहीं हैं." आणि भाताकडे वळली.

होदन गेल्यावर मी सांगून टाकलं. अल्बम हरवला नव्हता, मीच काढला होता.

मंजिरी कुकर पुसत होती. हात थांबला नाही. "पाण्याच्या रांगेतून दिसत होतास तू," ती म्हणाली. "हाक मारणार होते. पण तेव्हा मलाही वाटलं, तिकडे कुकरच लागेल."